काळाचा खडा

गेलेले धन पुन्हा मिळविता येते, ढळलेले आरोग्य पथ्यपाण्याने सावरता येते, गमावलेले राज्यही क्वचित पुन्हा जिंकता येते. गेलेली घटका मात्र कोणाच्याही आर्जवाने परत येत नाही. मनुष्याच्या साऱ्या असहायतांत ही असहायता सर्वांत जुनी असावी. आणि जेथे उपाय चालत नाही तेथे कथा जन्माला येते. लोखंडाचे सोने करणारा परीस, मनातील इच्छा पुरविणारा चिंतामणी, दररोज आठ भार सोने देणारा स्यमंतक, या रत्नांच्या पंक्तीत आणखी एक खडा फार पूर्वीपासून बसलेला आहे. तो म्हणजे काळाला अडविणारा खडा.

त्याची रूपे देशोदेशी निरनिराळी आहेत. आपल्याकडील रसशास्त्राच्या ग्रंथकारांनी पारद आणि अभ्रक यांवर संस्कार करून वार्धक्य दूर ठेवण्याची आशा बाळगली. युरोपातील किमयागारांनी ज्या परिसाच्या शोधात आयुष्ये वेचली, तो केवळ सोनेच देणार नव्हता. तो दीर्घायुष्यही देणार होता. अलीकडच्या परदेशी चित्रपटांत आणि मुलांच्या यंत्रावरील खेळांत हीच कल्पना नव्या वेषात आली आहे. एखाद्या दूरच्या ग्रहावर किंवा खोल विवरात एक चमकणारे खनिज सापडते. ते मुठीत धरले की भोवतालचे जग थबकते आणि फिरविले की कालचा दिवस पुन्हा उगवतो. या सर्व कथांत एक अट समान आहे. हा खडा दुर्मिळ असला पाहिजे. तो घरोघरी असता तर त्याच्यासाठी युद्धे झाली नसती आणि कथाही झाली नसती.

महाराष्ट्राच्या परंपरेत या कल्पनेला अगदी जवळची अशी एक कथा आहे. ती थोर गणिती भास्कराचार्य आणि त्यांची कन्या लीलावती यांच्याविषयीची. भास्कराचार्यांचा जन्म इ. स. १११४ चा. जळगाव जिल्ह्यात चाळीसगावजवळ पाटण येथे त्यांच्या घराण्याची माहिती देणारा शिलालेख आहे. त्यांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी त्यांचा नातू चांगदेव याने तेथे मठ स्थापन केला. कथा अशी सांगतात की, लीलावतीच्या पत्रिकेत वैधव्याचा योग होता. तो टाळू शकेल असा एकच मुहूर्त पित्याने गणिताने शोधून काढला. त्या दिवशी घंगाळात पाणी भरून त्यावर घटिकापात्र सोडण्यात आले. तळाशी बारीक छिद्र असलेली ही वाटी हळूहळू भरते आणि बुडते, तेव्हा एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटे, पुरी होते. नवरीच्या वेषातील मुलगी कुतूहलाने वाकून पाहू लागली. तिच्या अलंकारातील एक मोती निसटला, वाटीत पडला आणि नेमका छिद्रावर जाऊन बसला. पाणी आत येईना, वाटी बुडेना. सर्वजण वाट पाहत राहिले आणि मुहूर्त केव्हाच टळून गेला.

या कथेला इतिहासाचा आधार नाही. अकबराच्या दरबारातील कवी फैजी याने १५८७ मध्ये 'लीलावती' या ग्रंथाचे फारसी भाषांतर केले, त्याच्या प्रस्तावनेतून ती प्रसिद्धीस आली. परंतु कथा म्हणून तिचे मोल मोठे आहे. मोत्याच्या एका दाण्याने जे थांबविले ते घटिकापात्र होते. काळ थांबला नव्हता. मांडवाबाहेर सूर्य आपल्या गतीने चाललाच होता. काळ आणि काळाचे माप या दोन गोष्टी भिन्न आहेत, आणि खड्याची सत्ता चालते ती मापावर, हे या कथेने एका ओळीचेही तत्त्वज्ञान न सांगता दाखवून दिले आहे. मात्र माप चुकल्याचे दुःखही खरेच असते, हेही ती विसरत नाही.

मापावर सत्ता चालविणारा असा खडा आजच्या जगात खरोखर आहे काय, असा प्रश्न विचारला तर उत्तर होकारार्थी द्यावे लागते. आणि त्याची हकिगत सांगण्यास बंगळूरच्या दक्षिणेकडील बोम्मसंद्रा या गावासारखे ठिकाण दुसरे नाही.

बंगळूर मराठी माणसाला परके नाही. सतराव्या शतकात ते शहाजीराजांच्या जहागिरीचे ठाणे होते. या शहरातून होसूरकडे जाणारा राजमार्ग धरला की इलेक्ट्रॉनिक सिटी आणि हेब्बगोडी यांच्या पुढे आनेकल तालुक्यातील बोम्मसंद्रा लागते. नावातील 'संद्र' हे 'समुद्र' या शब्दाचे रूप. कानडी मुलखात मोठ्या तलावालाही समुद्र म्हणण्याची रीत आहे. आज हे गाव तळ्यापेक्षा कारखान्यांसाठी ओळखले जाते. सुटे भाग, औषधे आणि यंत्रे तयार करणारे लहानमोठे उद्योग येथे आहेत, आणि पाळी सुटण्याच्या वेळी रस्ता माणसांनी भरून जातो. ऑगस्ट २०२५ मध्ये मेट्रोचा पिवळा मार्ग सुरू झाला, त्याचे शेवटचे स्थानक हेच.

या रस्त्याचे एक वैशिष्ट्य नकाशा पाहिल्याखेरीज ध्यानात येत नाही. शहराच्या वायव्येस जलहळ्ळी आहे. तेथे स्वतंत्र भारताच्या सरकारने घड्याळांचा पहिला मोठा कारखाना उभारला. आग्नेयेस, तमिळनाडूची हद्द ओलांडताच, होसूर आहे. तेथे दुसऱ्या एका कारखान्याने त्या पहिल्याचे वैभव ओसरविले. होसूरच्या वाटेवर बोम्मसंद्रा उभे आहे. आणि ज्या खनिजामुळे ही उलथापालथ झाली, ते खनिज बोम्मसंद्र्याच्या मातीत पायांखाली पडलेले आहे. त्याचे नाव गारगोटी. शास्त्रज्ञ त्याला क्वार्ट्झ म्हणतात.

गारगोटी ही सिलिकॉन आणि ऑक्सिजन या दोन मूलद्रव्यांची. पृथ्वीच्या भूखंडांवर इतके विपुल असलेले खनिज विरळाच. नदीची वाळू बहुतांशी तिचीच. मुले अंधारात तिचे दोन तुकडे एकमेकांवर घासून ठिणग्या पाहतात. अशा या सामान्य दगडाचा एक असामान्य गुण १८८० मध्ये पॅरिस येथे जाक आणि पिएर क्यूरी या बंधूंच्या ध्यानात आला. तिच्या स्फटिकावर दाब दिला की त्याच्या पृष्ठभागावर विद्युत् उत्पन्न होते. पुढच्याच वर्षी याची उलट बाजूही सिद्ध झाली. स्फटिकाला विद्युत् दिली की तो किंचित आकसतो वा फुगतो. म्हणजेच विद्युत् योग्य रीतीने देत राहिल्यास तो कंप पावत राहतो. हा कंप कमालीचा नियमित असतो. १९२७ मध्ये अमेरिकेतील बेल प्रयोगशाळेत वॉरेन मॅरिसन आणि त्यांचे सहकारी हॉर्टन यांनी या कंपावर चालणारे पहिले घड्याळ तयार केले. ते कपाटाएवढे होते.

मनगटावरील घड्याळात आज जो स्फटिक असतो तो तांदळाच्या दाण्याहूनही लहान. गवई सूर लावण्यासाठी वापरतात त्या दुहेरी चिमट्यासारखा त्याला आकार देतात. तो सेकंदाला ३२,७६८ वेळा कंप पावतो. हा आकडा लहरीने निवडलेला नाही. दोनाला दोनाने गुणत गेले की पंधराव्या पायरीवर ३२,७६८ येतात. म्हणून घड्याळातील मंडल या संख्येचे निम्मे, त्याचे निम्मे असे पंधरा वेळा करीत जाते आणि शेवटी सेकंदाला बरोबर एक ठोका उरतो. त्या ठोक्यावर काटा एक घर पुढे सरकतो. मात्र शेतातील गारगोटी उचलून घड्याळात बसविता येत नाही. स्फटिक निर्दोष लागतो. म्हणून नैसर्गिक गारगोटीचे तुकडे क्षारयुक्त पाण्यात, पोलादी पात्रात, प्रचंड दाबाखाली आणि उष्णतेत विरघळवून त्यांतून शुद्ध स्फटिक वाढवितात. कथेतील जादूगार दुर्मिळ खडा शोधत हिंडतो. कारखान्यातील माणूस सामान्य खड्याला शुद्ध करतो. दोघांच्या रीतींत एवढा फरक आहे.

आता जलहळ्ळीकडे वळले पाहिजे. हिंदुस्थान मशीन टूल्स, म्हणजेच एचएमटी, ही सरकारी कंपनी १९५३ मध्ये स्थापन झाली ती यंत्रे घडविणारी यंत्रे तयार करण्यासाठी. १९६१ मध्ये जपानच्या सिटिझन कंपनीच्या सहकार्याने तिने मनगटी घड्याळांचा कारखाना काढला. पहिली घड्याळे पंतप्रधान पंडित नेहरू यांच्या हस्ते बाहेर पडली. तोपर्यंत मनगटी घड्याळ म्हणजे स्वित्झर्लंडचे, आणि अनेकदा चोरट्या मार्गाने आलेले, असा लौकिक होता. एचएमटीच्या घड्याळांची नावेच त्या काळाची साक्ष देतात: जनता, पायलट, सोना, कांचन, कोहिनूर. मॅट्रिक झालेल्या मुलाला, लग्नात जावयाला, तीस वर्षांच्या नोकरीनंतर निवृत्त होणाऱ्या कारकुनाला हेच घड्याळ मिळे. त्यासाठी लोक रांगेत उभे राहत, ओळखी काढीत.

त्या घड्याळाच्या पोटात केसाइतकी बारीक स्प्रिंग, मागेपुढे डोलणारे बॅलन्स चाक आणि एकमेकांत गुंतलेली दातेरी चाके असत. चाकांचे आस कृत्रिम माणकांच्या सूक्ष्म छिद्रांत फिरत, म्हणजे घासून झिजत नसत. 'सतरा ज्वेलचे घड्याळ' असे लोक अभिमानाने सांगत ते याच माणकांमुळे. ही चाके जुळविणे हे कसबाचे काम होते. डोळ्याला भिंग लावून, श्वास आवरून, चिमट्याने स्प्रिंग बसविणारे हात वर्षानुवर्षांच्या सरावाने घडत. अशा हातांवर सहस्रावधी कुटुंबे उभी राहिली. त्यांची मुले शिकली, घरे झाली. काळ मोजण्याचा उद्योग त्यांना स्थिर वाटला, यात नवल नाही.

तिकडे २५ डिसेंबर १९६९ रोजी टोकियोत सायको कंपनीने क्वार्ट्झवर चालणारे पहिले मनगटी घड्याळ विक्रीस ठेवले. त्याची किंमत ४,५०,००० येन होती. तेवढ्यात एक लहान मोटार आली असती. परंतु महिन्याला जेमतेम पाच सेकंदांची चूक करणारे ते घड्याळ होते. उत्तम चाकांचे घड्याळसुद्धा तेवढी चूक एका दिवसात करी. पुढे किंमत वेगाने उतरली. स्वित्झर्लंडमध्ये १९७० च्या सुमारास घड्याळांच्या धंद्यात ९०,००० च्या आसपास माणसे होती. १९८० च्या दशकाच्या मध्यास ती ३०,००० च्या घरात आली. शतकांच्या कसबाला गारगोटीच्या एका कणाने मागे सारले.

भारतात ही लाट होसूरमार्गे आली. १९८४ मध्ये टाटा उद्योगसमूह आणि तमिळनाडू सरकारचे औद्योगिक विकास महामंडळ यांनी मिळून टायटन ही कंपनी काढली. तिचे सूत्रधार झर्क्सेस देसाई यांनी पहिल्यापासून क्वार्ट्झ घड्याळांचाच आग्रह धरला. १९८७ मध्ये ही घड्याळे बाजारात आली. एचएमटीतील काही जाणकार या नव्या उद्योगाला मिळाले. शिवाय खेड्यापाड्यांतील शाळांतून तरुण मुलेमुली निवडून त्यांना हे काम शिकविण्यात आले. त्यांच्या घरी प्रथमच नियमित पगार येऊ लागला. तेव्हा या स्थित्यंतरात केवळ हानीच झाली असे म्हणणे न्यायाचे होणार नाही. एका गावची भाकरी दुसऱ्या गावी गेली, असे म्हणावे लागेल.

एचएमटीला क्वार्ट्झ ठाऊक नव्हते असे नाही. १९८० च्या दशकाच्या आरंभी तिनेही तशी घड्याळे काढली होती. परंतु तिची यंत्रसामग्री, तिचे प्रशिक्षण, तिचा अभिमान हे सारे चाकांच्या घड्याळात गुंतलेले होते. सरकारी कंपनीचे निर्णय सरकारी गतीने होत. ग्राहकाला आता केवळ वेळ नको होती, रूपही हवे होते. आणि रूपाच्या बाबतीत होसूर फार पुढे निघून गेले. तोटा वाढत गेला, भरती थांबली. शेवटी जानेवारी २०१६ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने एचएमटी वॉचेस ही कंपनी बंद करण्यास संमती दिली आणि उरलेल्या कामगारांसाठी स्वेच्छानिवृत्तीची योजना आली. ज्यांनी देशाला वेळेवर कामावर जाण्यास शिकविले, त्यांच्या स्वतःच्या कामाची वेळ संपली. तुमकुरू येथील कारखान्याची जमीन पुढे अंतराळ संशोधन संस्थेकडे गेली. जलहळ्ळीला आता संग्रहालय आहे.

या घटनेत दगडाला दोष देता येत नाही. गारगोटीने कोणाचाही काळ पुढे वा मागे नेला नाही. तिने काळ अधिक काटेकोरपणे मोजला, इतकेच. परंतु मोजण्याची रीत पालटली की त्या रीतीभोवती उभे राहिलेले जीवनही पालटते. घटिकापात्रे बुडविणारे घटकाळे केव्हाच गेले, तसेच हे झाले. आज क्वार्ट्झचे घड्याळही खिशातील दूरध्वनीपुढे मागे पडत आहे, आणि त्या दूरध्वनीच्या आत पुन्हा क्वार्ट्झचाच स्फटिक कंप पावतो आहे. बोम्मसंद्र्याच्या स्थानकावर पुढच्या गाडीची मिनिटे फलकावर उमटतात, त्यांच्यामागेही अशीच स्फटिकांची मोजदाद असते.

त्या स्थानकाच्या खाली आणखी एक खनिज काळाशी निराळेच नाते जोडून बसलेले आहे. बंगळूर आणि त्याच्या आसपासचा प्रदेश ज्या करड्या, पट्टेदार खडकावर वसला आहे त्याला 'पेनिन्सुलर नाइस' हे नाव म्हैसूर संस्थानच्या भूगर्भ विभागातील डब्ल्यू. एफ. स्मीथ यांनी १९१६ मध्ये दिले. लालबागेतील ज्या उंचवट्यावर केंपेगौडाचा बुरूज उभा आहे तो याच खडकाचा, आणि राष्ट्रीय भूवैज्ञानिक स्मारक म्हणून त्याचे जतन होते. या खडकात झिर्कॉन नावाचे वाळूच्या कणाएवढे स्फटिक विखुरलेले असतात. झिर्कॉन घडताना युरेनियमच्या अणूंना आपल्यात जागा देतो, शिशाला मात्र बाहेर ठेवतो. पुढे युरेनियमचे हळूहळू शिसे होत जाते. मुख्य प्रकारचे युरेनियम निम्मे होण्यास सुमारे ४४७ कोटी वर्षे लागतात. म्हणून कणात आज किती शिसे साठले हे मोजले की तो कण केव्हा घडला ते कळते. या रीतीने पाहता या भागातील खडक सुमारे ३०० कोटी वर्षांचे ठरतात. गारगोटी सेकंद मोजते. झिर्कॉन युगे साठवून ठेवतो. ज्या दगडाचे खांब करून आनेकलचे शेतकरी बांधावर रोवीत आले, त्यात पृथ्वीच्या तारुण्याची नोंद आहे.

तरीही श्रोत्याच्या मनात मूळ शंका राहीलच. मोजणे झाले, साठविणे झाले. पण काळाची गतीच बदलणारा दगड आहे की नाही? आश्चर्य असे की, याचेही उत्तर आहे. आइनस्टाइन यांनी १९१५ मध्ये मांडलेल्या सिद्धान्तानुसार प्रत्येक वस्तुमान आपल्याजवळचा काळ किंचित मंद करते. १९०५ पासून चाललेल्या त्यांच्या विचाराची ही परिणती होती, आणि अणुघड्याळांनी ती पुढे पडताळून पाहिली. २०१० मध्ये अमेरिकेतील प्रयोगशाळेत दोन घड्याळांपैकी एक अवघे ३३ सेंटिमीटर उंच ठेवताच दोघांच्या गतींतील भेद मोजता आला. बंगळूर समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटर उंच आहे. त्यामुळे मुंबईच्या किनाऱ्यावरील घड्याळापेक्षा बंगळूरचे घड्याळ वर्षाला सुमारे तीन मायक्रोसेकंद पुढे जाते. म्हणजे काळावर परिणाम करण्याची शक्ती कोणा एका दुर्मिळ खड्यात नाही. ती वाटेवरच्या प्रत्येक धोंड्यात आहे. पण ती इतकी अल्प आहे की सहस्र वर्षांत बंगळूर मुंबईच्या पुढे जाईल ते सेकंदाच्या सुमारे तीन सहस्रांशांनी. एवढ्याने कोणाचाही टळलेला मुहूर्त परत येणार नाही.

मग माणसाच्या हाती काय उरते? लीलावतीच्या कथेचा शेवट या ठिकाणी आठवावा. मुहूर्त टळल्यावर पित्याने मोती शापिला नाही आणि दुसरा जादूचा खडाही शोधला नाही. तुझ्या नावाचा ग्रंथ लिहीन आणि तो दीर्घकाळ टिकेल, असे त्याने मुलीला सांगितले, असे कथा म्हणते. कथा खरी असो वा नसो, ग्रंथ खरा आहे; बाराव्या शतकातील ते गणित आजही अभ्यासिले जाते. गेलेली घटका परत आणता आली नाही, पण तिच्या जागी काही उभे करता आले.

जलहळ्ळीच्या बाबतीतही असेच काहीसे घडत आहे. एचएमटीची जुनी, चावीची घड्याळे तरुण मंडळी आता हौसेने शोधून काढतात, दुरुस्त करवितात आणि वापरतात. दिवसाकाठी ती थोडी मागेपुढे होतात, याची त्यांना तक्रार नसते. वडिलांच्या किंवा आजोबांच्या घड्याळाला सकाळी चावी देताना जे कसब पुन्हा चालू लागते, ते कोणा अज्ञात कारागिराच्या हातचे असते. त्याचा कारखाना बंद झाला, त्याने बसविलेली स्प्रिंग मात्र अजून डोलते आहे.